मदत हवी आहे: लेबनॉनमधल्या इब्ल अस-साकी गावाबद्दल

नमस्कार मंडळी. दक्षिण लेबनॉनमधलं इब्ल अस-साकी हे ख्रिस्ती आणि द्रूझ (इस्लाममधून निघालेला एक वेगळा धर्मपंथ) वस्तीचं छोटं गाव. १९९८ पासून संयुक्त राष्ट्रांच्या शांतिसेनेतली भारतीय तुकडी त्या भागात असते. माझे मामा तिथे होते. जैतुनाच्या बागा, दारात उभं राहिलं की हातात येणारी कॉफी, किती सांगायचे! मामा आता नाहीत. त्यांच्या आठवणी मला लिहून ठेवायच्या आहेत.

एकमेकांच्या लग्नाला, मयताला दोन्ही समाज कसे जातात? जैतुनाच्या तोडणीला सगळे एकत्र असतात का? गावच्या ‘मुख्तार’चं काम आपल्या सरपंचासारखं की पोलीस पाटलासारखं? तिथे राहिलेले जवान किंवा त्यांच्या घरचे कुणी असाल तर कृपया लिहा. युद्धाच्या बातम्या आल्या की त्या अनोळखी माणसांसाठी जीव तुटतो.