भावाचा अपघाती मृत्यू : साडेनऊ लाखांवर सही करायची का?

प्रवराकाठ
नमस्कार. माझा मोठा भाऊ, वय 34, चार महिन्यांपूर्वी नाशिक-पुणे हायवेवर सिन्नरजवळ गेला. पहाटे मोटारसायकलवर येत होता, समोरून राँग साइडनं पिकअप आली. जागेवरच गेला. मागे वहिनी, 7 आणि 3 वर्षांच्या दोन मुली आणि आई. वडील आधीच गेलेत. भाऊ गावातलं दूध गोळा करून डेअरीला घालायचा, खर्च जाऊन महिन्याला 18 हजारांच्या आसपास सुटायचे. दीड एकर शेत आहे.

विमा कंपनीकडून आलोय म्हणणारा एक माणूस दोनदा घरी येऊन गेला. म्हणतो, ड्रायव्हरकडे फक्त कारचं लायसन्स आहे, कोर्टात गेलात तर कंपनी हात वर करेल. एलआयसीचे 3 लाख मिळाले तेही वजा होतील. त्यापेक्षा साडेनऊ लाखांवर सही करा, लोकअदालतीत महिन्याभरात पैसे. आई म्हणते मिटवून टाक. वहिनी काहीच बोलत नाही. केस करायची तर नाशिकला खेपा घालाव्या लागतील का?

कृष्णाकाठ
दादा, सही करू नका. आईंनाही सांगा, एवढ्यात नाही.

माझे मिस्टर वायरमन होते. 2019 मध्ये कराडजवळ डंपरखाली गेले. मी कोर्टाची पायरी कधी चढले नव्हते, चार वर्षं चढले. त्यातून जे कळलं ते सांगते.

आधी लायसन्सचं. तो वाद कंपनीचा आणि गाडीमालकाचा, तुमचा नाही. लायसन्समध्ये खरंच खोट निघाली तरी कोर्ट बहुतेक वेळा कंपनीला सांगतं, आधी वारसांना पैसे द्या, मग मालकाकडून वसूल करा. आमच्या केसमध्ये हेच झालं. तुम्ही फक्त बघा की अपघाताच्या दिवशी पिकअपची पॉलिसी चालू होती का. पॉलिसीची झेरॉक्स पोलिसांच्या कागदांत असते.

दुसरं, कमाईचा पुरावा. माझं घोडं इथंच अडलं होतं. मिस्टरांना सगळे रोख पैसे द्यायचे. कंपनीच्या वकिलांनी मला पिंजऱ्यात उभं करून विचारलं, "तुमचे पती महिन्याला किती कमवत होते, कागद दाखवा." कागद कुठला? मग मी इलेक्ट्रिक दुकानाची उधारीची वही नेली. तिच्यात चार वर्षं दर आठवड्याला त्यांच्या अक्षरात लिहिलेलं, कोणाच्या घरी किती मीटर वायर, किती होल्डर. दुकानदारानं येऊन साक्ष दिली. न्यायाधीशांनी ती वही पान उलटून उलटून बघितली आणि 12 हजार धरले. वही नसती तर मजुरीच्या दरावर बोळवण झाली असती.

तुमच्याकडे तर दुधाचा पगार आहे! दर दहा दिवसांची डेअरीची पावती, पासबुकातल्या नोंदी, गवळ्यांच्या हिशोबाची वही, सगळं आजच एका पिशवीत घाला. शेतीचं मात्र धरून बसू नका. जमीन जागेवर आहे म्हणून कोर्ट पूर्ण उत्पन्न धरत नाही, देखरेखीपुरतं धरतं.

आणि पंचनामा स्वतः वाचा. आमच्या पंचनाम्यात मोटारसायकल रस्त्याच्या मधोमध लिहिली होती, फोटोत ती डाव्या साइडपट्टीवर होती. मी फोटो दाखल केला नसता तर निम्मी चूक मिस्टरांच्या माथी आली असती. ते आठवलं की आजही पोटात कालवतं.

बार_रूम_लातूर
मी वकिली करतो, दाव्यांचीच कामं जास्त. कृष्णाकाठताईंनी बरोबर सांगितलं. त्यात भर घालतो.

साधं लायसन्स असलेला ड्रायव्हर 7,500 किलोपर्यंतच्या मालवाहू गाडीवर चालतो, हे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं नोव्हेंबर 2024 मध्ये पक्कं केलं. पिकअप त्याच्या कितीतरी खाली आहे. एलआयसीचंही खोटं. हेलन रिबेलो विरुद्ध आपलं एसटी महामंडळ, सर्वोच्च न्यायालयाचा 1998 चा निकाल : आयुर्विम्याचे पैसे भरपाईतून वजा होत नाहीत.

आता आकडा. 18 हजार सिद्ध झाले असं धरू. चाळिशीच्या आतला, स्वतःचा धंदा, म्हणून पुढच्या वाढीचे 40 टक्के : 25,200. चार जण अवलंबून, म्हणून भावाच्या स्वतःच्या खर्चाचा पाव हिस्सा वजा : 18,900. वर्षाचे 2,26,800. वय 34 ला गुणक, म्हणजे वयावरून ठरणारा गुणायचा आकडा, 16. झाले 36,28,800. शिवाय पत्नी, दोन मुली, आई यांना माणूस गमावल्याचे प्रत्येकी 48,400, आणि अंत्यविधी व मालमत्तेच्या नुकसानीचे 18,150 प्रमाणे दोनदा. एकूण 38,58,700. अर्जाच्या तारखेपासूनचं व्याज वेगळं. कोर्टानं 12 हजारच धरले तरी साडेनऊ लाखांच्या अडीचपटीहून जास्त होतं. लोकअदालत वाईट नाही, पण तिथल्या तडजोडीवर अपील नसतं. हा हिशोब हातात घेऊनच बसा.

खेपांचं : वारस राहतात तिथल्या न्यायाधिकरणात, म्हणजे अपघाताचे दावे चालवणाऱ्या कोर्टात, अर्ज करता येतो, नाशिकची गरज नाही. मात्र कायद्यात मुदत अपघातापासून 6 महिने आहे, तुमचे चार गेले. आणि वकिलानं टक्केवारी मागितली तर उठून या. बार कौन्सिलच्या नियमात ते बसत नाही.

प्रवराकाठ
तुमचा हिशोब काल रात्री वहिनीला आणि आईला वाचून दाखवला. आई रडली. वहिनी उठून आत गेली आणि गव्हाच्या कोठीमागून एक पिशवी घेऊन आली. दुधाच्या 14 महिन्यांच्या पावत्या, रबर लावून महिन्याप्रमाणे ठेवलेल्या. म्हणाली, ते फेकू नको म्हणायचे.

सोमवारी वकिलांकडे जातोय. मुलींच्या नावचे पैसे त्यांनाच मिळतात ना?

कृष्णाकाठ
हो. कोर्ट मुलांचा हिस्सा 18 वर्षांपर्यंत बँकेत एफडी करून ठेवतं. शाळेच्या फीसाठी अर्ज केला तर त्यातून काढून देतात, मी दोनदा काढले. सोमवारी वहिनींना बरोबर न्या. अर्जदार त्या आहेत, प्रश्न त्यांनाच विचारतील.