मदत हवी आहे: कादंबरीतल्या महाराक्षसी ताऱ्याला कुठे बसवू?

नमस्कार मंडळी,

गेली तीन वर्षं एका विज्ञान-कादंबरीचं घोंगडं भिजत पडलंय. सगळी गोष्ट एका ताऱ्याभोवती फिरते. त्या ग्रहावरचे लोक त्याला 'थोरला' म्हणतात. तांबडा महाराक्षसी तारा, त्रिज्या सूर्याच्या १५०० पट, वस्तुमान २० पट. आकडे अगदीच हवेतले नाहीत. मृग नक्षत्रातला काक्षी हा तांबडा तारा त्रिज्येने सूर्याच्या साधारण सातशे पट मोठा आहे आणि ताऱ्यांना फुगायची मर्यादा १५०० च्या आसपास मानतात, असं वाचलं होतं. मग कमाल आकडाच उचलला, कागदावर कंजुषी कशाला?

पहिल्या प्रकरणात एक मुलगी पहाटे गच्चीवर येते आणि अर्धं आभाळ व्यापत थोरला उगवतो. वरची कड दिसल्यापासून खालची कड क्षितिज सोडेपर्यंत दुपार होते. सगळीकडे रक्तासारखा लाल उजेड. हे पान मी निदान वीस वेळा लिहिलंय. परवा मित्राला वाचायला दिलं तर तो एवढंच म्हणाला, "पोरगी भाजून निघेल." पुढे काही बोलायला तयार नाही.

जाणकारांनी सांगावं, ग्रह किती लांब ठेवू म्हणजे माणसं जगतील आणि माझं अर्धं आभाळही शाबूत राहील? दुसरं, माझ्या नकाशात थोरला आकाशगंगेच्या मधोमध आहे आणि बाकीचे सगळे तारे त्याला प्रदक्षिणा घालतात. आणि ग्रहावरची संस्कृती पाच कोटी वर्षं जुनी आहे. चालून जाईल ना?

गणिताशी माझं फारसं सख्य नाही, तेव्हा जरा सांभाळून घ्या.

प्रतिसाद १

मित्र बरोबर बोलला. तांबड्या महाराक्षसाचा पृष्ठभाग साधारण ३५०० केल्विन, सूर्याचा सुमारे ५८००. म्हणजे थोरला तुलनेने थंड, पण पसारा एवढा की एकूण तेज सूर्याच्या तीन लाख पट भरतं. आपल्याइतकीच ऊब हवी असेल तर ग्रह पृथ्वी-सूर्य अंतराच्या ५५० पट लांब ठेवावा लागेल. नेपच्यून आपल्या सूर्यापासून ३० पटींवर आहे, यावरून अंदाज घ्या.

तिथून थोरला किती मोठा दिसेल? जेमतेम दीड अंश. सूर्य आपल्याला अर्धा अंश दिसतो. हात लांब करून तर्जनी आडवी धरली की तुमचा महाराक्षस तिच्यामागे लपला! दिवस चोवीस तासांचा असेल तर तो सहा मिनिटांत पूर्ण उगवेल.

गंमत म्हणजे तारा आणखी फुगवून उपयोग नाही. तो वाढला की ग्रह त्याच प्रमाणात मागे सरकवावा लागतो आणि दिसणारा आकार तेवढाच राहतो. ऊब ठरलेली असेल तर आकार फक्त तापमानावर ठरतो. अर्धं आभाळ हवं असेल तर मुलगी नको, मुलगी हवी असेल तर अर्धं आभाळ नको.

लाल उजेडही काढा. जुन्या पिवळ्या बल्बची तार सुमारे २७०० केल्विनला तापते, आणि तो उजेड काही आपल्याला रक्तासारखा दिसत नाही. हा त्याहून पांढराच पडेल.

मात्र कड धारदार लिहू नका. या ताऱ्याची सरासरी घनता आपल्या हवेच्या लाखाव्या भागाहूनही कमी, बाहेरचे थर तर त्याहून विरळ. काक्षीचा पृष्ठभागही मोठमोठ्या उकळ्यांमुळे डागाळलेला दिसतो. तुमच्या मुलीला काळ्या काचेतून ते डाग दिसतील, आणि पुढच्या वर्षी ते जागेवर नसतील.

प्रतिसाद २

वरच्याला +१. मी नकाशाचं बोलतो.

वीस सूर्यांच्या वजनाचा तारा दीर्घिकेला काय धरून ठेवणार? आपल्या आकाशगंगेच्या मध्यावरचं कृष्णविवर चाळीस लाखांहून जास्त सूर्यांच्या वजनाचं आहे, तरी त्याचा खरा धाक जवळपासच्या ताऱ्यांनाच. सूर्य फिरतो तो आतल्या सगळ्या ऐवजाच्या एकत्रित ओढीने. थोरल्याला मधून उचला आणि एखाद्या सर्पिल भुजेत, वायूच्या ढगाजवळ ठेवा. असे तारे जिथे जन्मतात त्याच्या आसपासच संपतात, लांब भटकायला त्यांना आयुष्यच नसतं.

आणि पाच कोटी वर्षं विसरा. एवढ्या वजनाचा तारा एक कोटी वर्षांच्या आतबाहेरच आटोपतो, त्यातही फुगलेल्या अवस्थेचा काळ थोडका. सूर्य ४६० कोटी वर्षांचा आहे. म्हणजे तुमचा 'थोरला' आजूबाजूच्या बहुतेक ताऱ्यांपुढे शेंडेफळ! माणसं बाहेरून येऊन वसलेली दाखवा. त्यांनी आकार बघून नाव ठेवलं आणि फसले.

नाव बदलू नका मात्र. चुकीचं आहे म्हणूनच छान आहे.

धागाकर्त्याचा प्रतिसाद

दोघांचे आभार, आणि मित्राची माफी मागितली आहे. वीस वेळा लिहिलेलं पान काल खोडलं. जिवावर आलं, पण खोडलं. आता मुलगी एक बोट वर करून तारा झाकते आणि आजीला सांगते, "बघ, थोरला एवढाच आहे." नाव कसं पडलं, हे आजीलाच माहीत आहे. ती सांगत नाही.

वर्ष किती मोठं होईल?

प्रतिसाद १ (पुन्हा)

त्या अंतरावर एक फेरी सुमारे २९०० पृथ्वी-वर्षांची. ग्रहाचा अक्ष पृथ्वीसारखा कललेला असेल तर एकेक ऋतू सातशे वर्षांचा.

शेवट हवा असेल तर तोही तयार आहे. ताऱ्याचा गाभा कोसळला की न्यूट्रिनो (कशातूनही आरपार जाणारे अतिसूक्ष्म कण) लगेच निसटतात, पण स्फोटाच्या धक्क्याला एवढा पसारा फोडून बाहेर यायला दिवसभर तरी लागतो. १९८७ च्या अतिनवताऱ्याचे (म्हणजे स्फोट होऊन संपलेल्या ताऱ्याचे) न्यूट्रिनोही उजेडाच्या काही तास आधी पोचले होते, आणि तो तारा थोरल्याच्या मानाने आटोपशीर होता. ग्रहावर कुणाकडे न्यूट्रिनो टिपणारं यंत्र असेल तर त्याला एक दिवस आधी कळेल. पळायला पुरत नाही.

धागाकर्त्याचा प्रतिसाद

यंत्र आजीकडे देतो.

आता नवीनच किडा डोक्यात शिरलाय. सातशे वर्षं उन्हाळाच असेल तर त्या मुलीच्या भाषेत 'हिवाळा' हा शब्द उरलेला असेल का? भाषावाले कुणी आहेत का इथे?