‘लॉक्युलेटेड’ला मराठीत काय लिहायचं? (छातीतलं पाणी, सोनोग्राफीचे रिपोर्ट)

पार्लेकर_भाषांतर

छातीत पाणी झालेल्या रुग्णांना द्यायची चार पानी माहितीपत्रिका मराठीत करायची आहे. वाचणारे बहुतेक परळ-शिवडी भागातले पेशंट आणि त्यांचे नातेवाईक. मूळ इंग्रजी मजकुरात तीन विशेषणं आलटून-पालटून येतात: लॉक्युलेटेड, सेप्टेटेड आणि मल्टिलॉक्युलर. तिन्हींचा अर्थ ‘कप्पे असलेलं’ असाच लागतो. तिन्हींना एकच शब्द चालेल का?

‘कोष्ठयुक्त द्रवसंचय’ लिहून पाहिलं, पण कोष्ठ म्हटलं की लोकांना बद्धकोष्ठच आठवतं. छातीचा पेशंट पोटाची गोळी मागायचा. दुसरा विचार ‘संत्र्याच्या फोडींसारखे कप्पे’ असा आहे. तो शास्त्रीयदृष्ट्या चुकीचा तर नाही ना?

छातीविकार_शीव

एकच शब्द चालणार नाही. तिन्हींत फरक आहे आणि उपचार त्या फरकावरच ठरतात.

सेप्टेटेड म्हणजे पाण्यात पडदे किंवा धागे दिसताहेत, एवढंच. पडदे अर्धवट असू शकतात आणि पाणी एका बाजूने दुसरीकडे जाऊ शकतं. लॉक्युलेटेड म्हणजे पाणी एका जागी कोंडलं गेलंय, कूस बदलली तरी ते हलत नाही. त्यामुळे पडदे असूनही पाणी मोकळं असू शकतं. उलट, आत एकही पडदा नसताना पाणी कोंडलेलं असू शकतं, उदाहरणार्थ फुप्फुसाच्या दोन खंडांमधल्या फटीत. हार्ट फेल्युअरमध्ये असं फटीतलं पाणी एक्स-रेवर गोल गाठीसारखं दिसतं आणि लघवीच्या गोळ्यांनी नाहीसं होतं. नातेवाईक मात्र ‘ट्यूमर’ ऐकून घाबरलेले असतात.

तपासायची जुनी पद्धत म्हणजे पेशंटला पाणी असलेल्या कुशीवर झोपवून एक्स-रे काढणं. मोकळं पाणी बरगड्यांच्या कडेने पसरून त्याचा सरळ थर दिसतो. कोंडलेलं पाणी जागच्या जागी राहतं, भिंगासारखं फुगीर दिसतं आणि छातीच्या भिंतीशी विशाल कोन करतं. हल्ली हे काम सोनोग्राफी करते. एक गोष्ट पत्रिकेत जरूर घाला, कारण लोक हमखास विचारतात, ‘सीटी केलाय, मग सोनोग्राफी कशाला?’ बारीक पडदे सोनोग्राफीत जास्त चांगले दिसतात, सीटीत ते बऱ्याचदा दिसतच नाहीत. सीटीचा उपयोग कोणता कप्पा कुठे आहे, किती खोल आहे आणि शेजारच्या फुप्फुसाची काय अवस्था आहे, हे कळायला.

हे कप्पे होतात कसे, तेही थोडक्यात. न्यूमोनियाच्या बाजूला साचणारं पाणी आधी पातळ असतं. मग त्यात फायब्रिन उतरतं, म्हणजे रक्त गोठताना जे धागे धरतात तेच. हे धागे फुप्फुसाचं आवरण आणि छातीची आतली बाजू यांना जागोजागी चिकटवतात आणि पाणी अडतं. त्यानंतर फुप्फुसावर जाड साल धरते आणि फुप्फुस फुलत नाही. लॉक्युलेटेड हा शब्द मुख्यत्वे मधल्या टप्प्याचा आहे. पहिल्या टप्प्यात बऱ्याचदा अँटिबायोटिकवर भागतं, मधल्या टप्प्यात नळी लागते आणि तिसऱ्यात साल काढायचं ऑपरेशन करायची वेळ येऊ शकते.

मधल्या टप्प्यात घोटाळा असा होतो की नळी एका कप्प्यात असते आणि पू दुसऱ्यात. बाटलीत येणारं पाणी थांबतं, सगळ्यांना वाटतं झालं, पण ताप उतरत नाही. नळी थांबली याचा अर्थ छाती रिकामी झाली असा नाही, हे वाक्य पत्रिकेत ठळक टाइपात हवं. सुईने काढलेल्या नमुन्याचंही तसंच आहे. शेजारशेजारच्या दोन कप्प्यांतल्या पाण्याचा पीएच (आम्लतेचं माप) वेगळा येऊ शकतो. ७.२ च्या खाली गेला तर नळी घालायचा विचार करतात, पण सुई नेमकी बऱ्या कप्प्यात शिरली असेल तर रिपोर्ट दिलासा देतो आणि बाजूला पू वाढत राहतो.

पडदे विरघळवायला नळीतून औषध सोडतात. २०११ साली प्रसिद्ध झालेल्या मिस्ट-२ चाचणीत टीपीए (फायब्रिनचे धागे विरघळवणारं) १० मिलिग्रॅम आणि डीएनेज (पू पातळ करणारं) ५ मिलिग्रॅम ही जोडी दिवसातून दोनदा, ३ दिवस दिली होती आणि प्रत्येक वेळी औषध सोडल्यावर नळी तासभर बंद ठेवली होती. त्यात जोडीचा फायदा दिसला, एकेकटं औषध तेवढं उपयोगी पडलं नाही. आपल्याकडे खर्चामुळे स्ट्रेप्टोकायनेज किंवा युरोकायनेजही वापरतात. मात्र औषधांची नावं आणि डोस पत्रिकेत नकोत. लोक केमिस्टकडे विचारायला जातात.

आता फोडींबद्दल. माझ्या मते ती उपमा नको. फोडी एकसारख्या, सुट्या आणि मोजता येण्याजोग्या असतात. इथे एक कप्पा मुठीएवढा आणि शेजारचा सुपारीएवढा असतो. ‘किती फोडी आहेत डॉक्टर?’ असं कोणी विचारलं तर उत्तर नाही.

वनस्पती_माटुंगा

फोडींची उपमा छातीला लागू नसेल, पण मूळ शब्दाला मात्र ती नेमकी बसते. संत्र्याची फोड म्हणजेच लॉक्यूल, अगदी व्याख्येने.

लॅटिनमध्ये लोकस म्हणजे जागा आणि लोक्युलस म्हणजे लहानशी जागा, खण. वनस्पतिशास्त्रात किंजपुटाच्या, म्हणजे फुलाच्या ज्या भागाचं पुढे फळ होतं त्याच्या, आतल्या पोकळीला लॉक्यूल म्हणतात आणि मराठीत त्याला ‘कप्पा’ हाच शब्द चांगला रुळलेला आहे. ‘किंजपुट पाच कप्प्यांचा’ असं आपण बिनदिक्कत लिहितो. त्यामुळे कोष्ठ-बिष्ठ काही नको.

वनस्पतिशास्त्रात हे विशेषण संख्येबरोबर येतं: युनिलॉक्युलर, बायलॉक्युलर, ट्रायलॉक्युलर, पेंटालॉक्युलर (एक, दोन, तीन, पाच कप्प्यांचं). विद्यार्थी चुकतात ते किंजदलं (ज्या घटकांचा मिळून किंजपुट बनतो ते) मोजून तेवढेच कप्पे लिहितात तिथे. भेंडी आडवी कापली की पाच किंजदलांचे पाच कप्पे आणि प्रत्येकात बियांची ओळ दिसते. वेलचीचे तीन. इथपर्यंत ठीक. पपईत किंजदलं पाच, पण मधे पडदेच नाहीत, म्हणून कप्पा एक आणि बिया कडेच्या भिंतीला. मोहरीत किंजदलं दोन, मुळात कप्पा एकच, पण मागाहून एक खोटा पडदा वाढतो आणि दोन होतात. धोतऱ्यात किंजदलं दोनच, पण खोट्या पडद्यामुळे कप्पे चार भरतात. म्हणून किंजपुट मधोमध आडवा कापूनच मोजायचं. फार वर किंवा फार खाली कापलं तर आकडा चुकतो. धोतऱ्यात तर नक्कीच, कारण खोटा पडदा टोकापर्यंत पोचत नाही.

अवांतर: ‘लॉक्युलिसायडल’मध्ये कोणी कोणाला मारत नाही. त्यातलं ‘सायडल’ हे कापणं, चिरणं या अर्थाने आहे. फळ कप्प्याच्या पाठीवर उकलतं ते लॉक्युलिसायडल, जसं कापसाचं बोंड किंवा वाळलेली भेंडी. पडद्याच्या रेषेवर उकलतं ते सेप्टिसायडल.

मुद्रितशोधक_गिरगाव

मेडिकल ट्रान्सक्रिप्शनच्या बाजूने एक धोका सांगतो. भाषांतर करण्याआधी मूळ शब्द खरोखर लॉक्युलेटेड आहे ना, हे पाहा. बोलून टाइप करणारी सॉफ्टवेअर आणि घाईतले टायपिस्ट त्याचं सर्रास ‘लोब्युलेटेड’ करतात. लोब्युलेटेड म्हणजे बाहेरून फुगवटे किंवा पाळ्या असलेलं. तो कडेचा आकार झाला, लॉक्युलेटेड ही आतली स्थिती.

ओळखायचं पुढच्या नामावरून. पुढे मार्जिन, आउटलाइन किंवा मास असेल तर बहुधा लोब्युलेटेड. पुढे इफ्युजन (साचलेलं पाणी), कलेक्शन, पस (पू) किंवा असायटिस (पोटातलं पाणी) असेल तर लॉक्युलेटेड. ‘लोब्युलेटेड इफ्युजन’ दिसलं की थांबायचं, रिपोर्ट देणाऱ्याला फोन करायचा, मनाने दुरुस्त करायचं नाही. तिसरा भाऊ ‘लोकलाइज्ड’. त्याचा अर्थ एका भागापुरतं एवढाच, कोंडलेलं असेलच असं नाही.

लॉक्युलेटेड आणि मल्टिलॉक्युलर यांचा वापरही वेगळा आहे. पहिलं भूतकाळवाचक धातुसाधित आहे, म्हणजे आधी मोकळं होतं, नंतर कप्पे पडले. म्हणून ते पाणी, पू, हवा यांना लागतं. मल्टिलॉक्युलर ही वस्तूची मूळ घडण झाली. ते अंडाशयातल्या सिस्टला (पाण्याच्या गाठीला), जबड्याच्या हाडातल्या पोकळीला किंवा चरबीच्या पेशीला लागतं. पांढऱ्या चरबीच्या पेशीत एकच मोठा थेंब असतो, ती युनिलॉक्युलर. तपकिरीत पुष्कळ छोटे थेंब, ती मल्टिलॉक्युलर. छातीच्या पत्रिकेत मल्टिलॉक्युलर आलं असेल तर मूळ लेखकानेच सैल वापरलंय. तिथेही ‘कोंडलेलं’च करा.

आणि नुसतं ‘लॉक्युलर’ एकटं सहसा येत नाही. आलं तर आधीचा संख्यावाचक भाग गळलाय का, ते बघा.

सोनो_ठाणे

अंडाशयाच्या सिस्टबद्दल भर घालते, कारण हीच पत्रिका उद्या स्त्रीरोगाकडे जाईल. पडदा एका भिंतीपासून समोरच्या भिंतीपर्यंत सलग पोचला तरच तो पूर्ण पडदा. मधेच तुटलेला, प्रोब फिरवल्यावर सुटा दिसणारा पडदा अर्धवट धरतात आणि ती सिस्ट युनिलॉक्युलरच राहते. बऱ्याच रिपोर्टांत एका फुटक्या पडद्यावर मल्टिलॉक्युलर ठोकून दिलेलं असतं आणि बाई उगाच रडत येते.

कप्प्यांची संख्या महत्त्वाची आहे. कॅन्सरचा धोका काढायच्या अ‍ॅडनेक्स मॉडेलमध्ये ‘कप्पे १० पेक्षा जास्त आहेत का’ हा स्वतंत्र प्रश्न आहे. त्यामुळे भाषांतरात ‘अनेक’ लिहून मोकळं होऊ नका, मुळात आकडा असेल तर तोच ठेवा.

कुर्ल्याचा_आर्किटेक्ट

अज्ञानातला प्रश्न: हे विशेषण इमारतीला लावता येईल का? चाळीला ‘लॉक्युलेट’ म्हटलं तर?

मुद्रितशोधक_गिरगाव

व्याकरणाने चुकत नाही, पण इंग्रजीत तसं कोणी म्हणत नाही. वाचणाऱ्याला वाटेल चाळीत पू झालाय. इमारतीला, जहाजाला कंपार्टमेंटेड किंवा पार्टिशन्ड. बांधकामात हा शब्द नामरूपात एका ठिकाणी खरा भेटतो, तो रोमच्या भुयारी दफनभूमीत. भिंतीत कोरलेल्या, एक देह मावेल एवढ्या आडव्या खणाला लोक्युलस म्हणतात.

पार्लेकर_भाषांतर

सगळ्यांचे आभार. आता असं करते आहे:

“तुमच्या छातीत साचलेलं पाणी एका ठिकाणी मोकळं नाही. आत पडदे तयार होऊन ते वेगवेगळ्या कप्प्यांत कोंडलं गेलं आहे. त्यामुळे एका नळीने सगळं पाणी निघेलच असं नाही. नळीतून पाणी येणं थांबलं, तरी ताप किंवा धाप असेल तर लगेच सांगा.”

सेप्टेटेडला ‘पाण्यात जाळी धरली आहे’ असं लिहिलंय. आमच्याकडचे पेशंट स्वतःच ‘जाळी’ म्हणतात.

छातीविकार_शीव

‘जाळी’ चालेल, ओपीडीत आम्हीही तेच म्हणतो. दोन दुरुस्त्या. ‘आत पडदे तयार होऊन’ काढा, कारण फटीत कोंडलेल्या पाण्यात पडदे नसतात, हे वर लिहिलंय. ‘ते मोकळं वाहत नाही, एका किंवा अनेक कप्प्यांत कोंडलं गेलं आहे’ एवढं पुरे. आणि ‘लगेच सांगा’च्या पुढे कोणाला ते लिहा. वॉर्डात असेल तर सिस्टरना, घरी गेला असेल तर ज्या ओपीडीत दाखवायचं तिचा वार आणि वेळ यांसाठी रिकामी चौकट ठेवा, आम्ही पेनाने भरू. धाप वाढली किंवा ओठ निळे पडले तर ओपीडीच्या वाराची वाट न बघता थेट कॅज्युअल्टी, ही ओळ त्या चौकटीच्या वर, खाली नको. पत्रिका घडी घातली की खालचा भाग कोणी उघडत नाही.

क्षयाच्या पेशंटसाठी एक वेगळी ओळ लागेल. क्षयामुळे झालेल्या पाण्यातही कप्पे होतात, पण तिथे मुख्य उपचार म्हणजे क्षयाच्या गोळ्यांचा कोर्स, साधारण ६ महिन्यांचा. पाणी काढल्यावर बरं वाटलं म्हणून गोळ्या बंद करणारे खूप असतात.

पार्लेकर_भाषांतर

केलं. चौकट पहिल्या पानावरच घेतली आहे. संत्रं काढून टाकलं.