मदत हवी आहे : नातवासाठी 'एम्रिस' हे वेल्श नाव

नमस्कार मंडळी. माझी लेक कार्डिफला असते, जावई वेल्श आहेत. पुढच्या महिन्यात नातवाचं बारसं आहे आणि दोघांनी 'एम्रिस' हे नाव पक्कं केलंय. सुरुवातीला मला ते फार परकं वाटलं. पण अर्थ शोधायला बसले आणि अंगावर काटाच आला!

एम्रिस हे लॅटिन 'अम्ब्रोसियस'चं वेल्श रूप. त्याच्या मुळाशी ग्रीक शब्द आहे, अर्थ अमर. त्यातला नकाराचा 'अ' आणि मरणाचा धातू आपल्या 'अमृत'शी सख्ख्या नात्यातले. म्हणजे पणजी असती तर बाळाला 'अमृत' म्हणून हाक मारू शकली असती.

उत्तर वेल्समध्ये बेडगेलर्टजवळ दिनास एम्रिस नावाची टेकडी आहे. दंतकथा अशी, की राजा तिथे गड बांधायचा आणि भिंती कोसळायच्या. एम्रिस नावाच्या मुलाने सांगितलं, खाली तळं आहे, त्यात लाल आणि पांढरा ड्रॅगन झुंजताहेत. त्यातला लाल ड्रॅगन आज वेल्सच्या झेंड्यावर आहे.

आता मदत हवी ती अशी. पत्रिकेत एम्रिस लिहावं की एमरिस? भाषाशास्त्र शिकलेल्या कुणी हे 'अमृत'चं नातं सोप्या शब्दांत चार ओळींत लिहून द्याल का? बारशाला सगळ्यांसमोर वाचायचंय. आणि वेल्समध्ये राहणाऱ्यांनो, तिथल्या शाळेत हे नाव जुनाट तर वाटणार नाही ना?