मदत हवी आहे: विमानात विणकामाच्या सुया आणि लोकर केबिन बॅगेत नेण्याबद्दल

आई पुढच्या महिन्यात मुंबईहून लंडनमार्गे शिकागोला जाणार आहे, ताईच्या बाळंतपणासाठी. दोन्ही टप्पे नऊ-दहा तासांचे. वेळ जावा म्हणून तिला विमानात बाळाचं काहीतरी विणायचं आहे. घरात 35 सेमी लांबीच्या स्टीलच्या सरळ सुया, बांबूची 4 मिमीची सर्क्युलर सुई (लवचिक केबलने जोडलेली दोन टोकं), सुटी टोकं आणि केबल असलेला नवा संच, एक छोटी कात्री आणि लोकर कापायचं लॉकेटसारखं गोल कटर एवढं सामान आहे. यातलं केबिन बॅगेत काय ठेवावं? सुया काढून घेतल्या तर अर्धवट विणलेलं उसवेल, ही तिची खरी काळजी आहे.

उलटसुलट:
आधी नियम. अमेरिकेत टीएसएच्या (तिथल्या विमानतळांवर तपासणी करणाऱ्या सरकारी संस्थेच्या) यादीप्रमाणे विणकामाच्या सुया आणि क्रोशाची सुई केबिन बॅगेत चालते. कात्रीचं पातं मधल्या खिळ्यापासून 4 इंचांपेक्षा कमी असेल तर तीही चालते. तुमचं गोल कटर मात्र चालत नाही. आत पातं असलेलं कुठलंही कटर चेक-इन बॅगेतच हवं, असं त्यांनी स्पष्ट लिहिलं आहे. दिसायला ते निरुपद्रवी म्हणून बरेच जण गळ्यात घालून जातात आणि नेमकं तेच जप्त होतं. ब्रिटनच्या सरकारी यादीत विणकामाच्या सुया हातातल्या सामानात चालतात, कात्रीचं पातं 6 सेमीपर्यंत. हीथ्रोला विमान बदलताना पुन्हा सिक्युरिटी चेक असतो, त्यामुळे ही मर्यादा आईंनाही लागू.

मुंबईत तपासणी सीआयएसएफ करते आणि टोकदार वस्तू सोडायची की नाही, हे तिथले कर्मचारी ठरवतात. टीएसएनेही अंतिम निर्णय अधिकाऱ्याचाच असं म्हटलंय. म्हणून सगळ्यात कडक तपासणी गृहीत धरून भरा: कात्री, कटर, स्टीलच्या सुया, सगळं चेक-इन बॅगेत. केबिन बॅगेत फक्त लाकडी, बांबूची किंवा प्लॅस्टिकची सर्क्युलर. सुई अडवली जाते तोवर मोठी बॅग बहुधा पुढे गेलेली असते आणि सुई तिथेच सोडावी लागते. त्यामुळे महागडा संच हातात नको.

टाका_निसटला:
वरच्या शेवटच्या वाक्याशी मी अर्धाच सहमत. पूर्ण संच हातात नको हे बरोबर, पण त्यातली लाकडी टोकांची एक जोडी आणि एक केबल जरूर न्यावी, कारण आईंच्या खऱ्या काळजीवर तोच उत्तम उपाय आहे. सुट्या टोकांच्या सुईवर विणकाम असेल तर टोकं फिरवून काढायची आणि केबलच्या दोन्ही तोंडांना संचात मिळणाऱ्या बंद टोप्या लावायच्या. टाके केबलवर सुरक्षित राहतात. सिक्युरिटीच्या आधीच हे करून ठेवा. टोकं गेली तरी विणकाम जात नाही, आणि शिकागोत त्याच मापाची, त्याच कंपनीची टोकं घेऊन पुढे विणता येतं. कंपनी तीच हवी, कारण वेगवेगळ्या कंपन्यांचे आटे एकमेकांना बसतीलच असं नाही. टोकं आवळायची छोटी पिनसारखी किल्ली विसरू नका. हाताने आवळलेलं टोक विणताना हळूहळू सैल होतं, फटीत लोकर अडकते आणि टाके सरकेनासे होतात.

बांबूची अखंड सर्क्युलर नेणार असाल तर जीवनदोरी घाला. बोथट, मोठ्या नेढ्याच्या सुईत दात साफ करायचा फ्लॉस ओवायचा आणि सुईवरच्या प्रत्येक टाक्यातून एकाच दिशेने न्यायचा. खुणेच्या रिंगांमधून नाही, फक्त टाक्यांमधून. रिंग ओवली गेली तर ती तिथेच अडकून बसते. लहान टोपीला साधारण 70 सेमी फ्लॉस लागतो, म्हणजे दोन्हीकडे 15 सेमी मोकळा राहतो. ती टोकं सैलसर बांधा. मग सुई काढून घेतली तरी एकही टाका सुटत नाही. नवी सुई घालताना फ्लॉसच्या वाटेनेच जायचं, टाक्याचा उजवा पाय सुईच्या पुढे राहील असं. नाहीतर पुढच्या ओळीत टाके पिळलेले दिसतात. फ्लॉस निवडायचं कारण म्हणजे तो गुळगुळीत असतो आणि लोकरीत गुंतत नाही. शिवाय त्याच्या डबीवरच्या इवल्या पात्याने लोकरही कापता येते.

मूळ धागाकर्ती:
दोघांचे मनापासून आभार. फ्लॉस आजच आणते. आता विणायला काय द्यावं? तिला नक्षीकामाची हौस आहे.

उलटसुलट:
नक्षी विमानात नको, हे आग्रहाने सांगते. केबिनचे दिवे मंद असतात आणि डोक्यावरच्या दिव्यात हाताचीच सावली विणीवर पडते. गडद निळ्या-काळ्या लोकरीचे टाके तर दिसतच नाहीत. फिकट रंगाची, पीळ न सुटणारी लोकर घ्या. बाळासाठी साधी टोपी उत्तम:

डीके (मध्यम-हलक्या) जाडीची 50 ग्रॅम लोकर (अर्धी उरेल), 4 मिमी सुई, 10 सेमीत 22 टाके बसावेत. 72 टाके घाला, दोन सुलट दोन उलट अशी 4 सेमी पट्टी, नंतर सगळं सुलट, एकूण उंची 11 सेमी होईपर्यंत. तिथून टाके कमी करायचे: 7 सुलट, मग दोन टाके एकत्र, असं आठ वेळा, पुढचा फेरा साधा, मग 6 सुलट, दोन एकत्र, याच क्रमाने उतरत जायचं. 8 टाके उरले की लोकर त्यांतून ओढून घट्ट करायची. ही टोपी साधारण 33 सेमी घेराची होते, ताणून नवजात बाळाला नीट बसते.

इथे एक गोष्ट बहुतेकांची चुकते. एवढा लहान घेर 40 सेमीच्या सर्क्युलरवर बसत नाही, टाके ताणले जातात. 80 सेमीची केबल घ्या आणि टाक्यांच्या मधून जास्तीच्या केबलचा फासा बाहेर काढून विणा. दोन्ही बाजूंनी टोक असलेल्या पाच सुया विमानात नकोत, एक खाली पडली की शोधणं कठीण.

क्रोशेवाली:
सीटवरच्या गोष्टी. 35 सेमीच्या सरळ सुयांचं मागचं टोक प्रत्येक टाक्याला शेजाऱ्याच्या कोपराला लागतं, म्हणूनही सर्क्युलरच बरी. लोकरीचा गुंडा मांडीवर ठेवू नका, तो घरंगळून पुढच्या दोन रांगांखाली जातो. आतून धागा निघणारा गुंडा करून तो चेन असलेल्या छोट्या पिशवीत ठेवायचा आणि पिशवीचा बंद मनगटात अडकवायचा. सुई सीटच्या फटीत गेली तर सीट मागेपुढे करू नका, लगेच कर्मचाऱ्यांना सांगा. उड्डाण, उतरणं आणि हादरे बसत असताना विणकाम टोकांना रबरी टोप्या लावून पिशवीत. टोप्या नसतील तर खोडरबराचे दोन तुकडे चालतात.

तपासणीच्या ट्रेमध्ये विणकाम पारदर्शक पिशवीत, वेगळं ठेवा. लोकरीच्या गोळ्यात खुपसलेली सुई एक्स-रेवर संशयास्पद दिसते आणि मग अख्खी बॅग उपसली जाते. निदान पाच-सहा ओळी विणून न्या, म्हणजे वस्तू कशासाठी आहे ते पाहताक्षणी कळतं.

आणि आई क्रोशा करत असतील तर काम आणखी सोपं: सुईवर एकच टाका असतो, तो प्लॅस्टिकच्या पिनेत अडकवला की झालं.

मूळ धागाकर्ती:
शिकागोहून पुढे ताईच्या गावी छोटं विमान आहे. तिथे काही वेगळं?

टाका_निसटला:
हो. शिकागोला इमिग्रेशननंतर मोठी बॅग हातात मिळते, कस्टम्स पार करून ती पुन्हा जमा करायची आणि त्यानंतर टीएसएची तपासणी. कात्री आणि कटर त्या बॅगेतून काढून पर्समध्ये टाकायचा मोह तिथेच होतो. 4 इंचांच्या आतली कात्री चालेल, कटर नाही. परतताना मात्र लंडनची 6 सेमीची मर्यादा पुन्हा लागते, तेव्हा कात्री मोठ्या बॅगेत.