घास नेमका कुठे अडतो? गिळण्याच्या त्रासाचे अनुभव

बाबांना पक्षाघाताचा झटका आला तेव्हा आमचं सगळं लक्ष त्यांच्या उजव्या हाताकडे होतं. चौथ्या दिवशी मी त्यांना वाटीने पाणी पाजलं. ठसका लागला नाही, म्हणून मला हायसं वाटलं. फक्त नंतर बोलताना त्यांचा आवाज ओला येत होता, गुळणी तोंडात धरून बोलावं तसा. दोन दिवसांनी ताप आला, मग न्यूमोनिया. पाणी श्वासनलिकेत उतरत होतं आणि ठसका यायची जाणीवच बधिर झाली होती. ठसका नाही म्हणजे गिळणं ठीक, असं मी धरून चालले होते.

पुढे चालत्या एक्स-रेखाली बेरियम, म्हणजे एक्स-रेत उठून दिसणारं द्रावण, गिळायला लावून तपासणी झाली. बेरियमचा काळा ओघळ जिभेमागून सांडताना आणि स्वरयंत्रात शिरताना मी पडद्यावर पाहिला. घास घशातून पुढे सरकायला जेमतेम एक सेकंद लागतो. तेवढ्यात टाळू वर जायचा, श्वास थांबायचा, स्वरयंत्र वर उचललं जाऊन झाकलं जायचं आणि अन्ननलिकेचं तोंड उघडायचं. पाणी सगळ्यात अवघड, कारण ते धावतं आणि दुबळ्या स्नायूंना तेवढी उसंत मिळत नाही. आता बाबांना पाणी दाट करून, एका वेळी एकच चमचा देतो, हनुवटी छातीकडे झुकवून. ही हनुवटीची युक्ती त्यांना लागू पडते हे तपासणीत दिसलं म्हणून. सगळ्यांना ती चालत नाही.

तुमचे अनुभव लिहा, पण नुसतं 'गिळता येत नाही' असं लिहू नका. गिळायला सुरुवात करतानाच अडतं, की गिळल्यानंतर छातीत? आधी कोरडं अडायला लागलं, की पाणीसुद्धा पहिल्यापासून? किती दिवसांत वाढलं? डॉक्टरांना दिशा मिळते ती इथूनच. आणि आत्ता काही अडकलेलं असेल, थुंकीही खाली जात नसेल, तर वाचत बसू नका. थेट रुग्णालय गाठा.

*

ताई, तुमच्या तीन प्रश्नांची माझी उत्तरं: छातीत; दोन्ही, पहिल्यापासून; चार वर्षं.

त्यातली तीन वर्षं मी ॲसिडिटीच्या गोळ्या घेतल्या. रात्री आडवं झालं की जेवण वर यायचं. उशीवर टॉवेल पसरून झोपायची सवय लागली होती. वर आलेलं आंबट नसायचं, जसं गिळलं तसंच असायचं. म्हणजे ते पोटात पोचतच नव्हतं. ही एक गोष्ट मी कुणाला नीट सांगितली असती तर बरंच आधी कळलं असतं. एन्डोस्कोपी, म्हणजे तोंडावाटे दुर्बीण घालून केलेली तपासणी, 'नॉर्मल' आली होती, त्यामुळे घरचेही म्हणायला लागले की मनाचा खेळ आहे.

शेवटी मॅनोमेट्री झाली. नाकातून बारीक नळी अन्ननलिकेत सोडतात, घोट घोट पाणी पाजतात आणि आतला दाब मोजतात. निदान: अकॅलेझिया. अन्ननलिकेच्या खालच्या टोकाची झडप गिळताना सैल पडायला हवी, ती पडत नाही. वरून ढकलणारी लाटही उरत नाही. आजार जुनाच आहे. थॉमस विलिस या इंग्रज डॉक्टरने १६७४ साली अशाच एका रुग्णाची नोंद केली आहे. देवमाशाच्या हाडाला स्पंज बांधून तो माणूस आपला घास खाली ढकलायचा. हे वाचलं तेव्हा रडू आलं. माझ्यासारखंच कुणीतरी साडेतीनशे वर्षांपूर्वी रोज ताटावर बसत होतं.

आज फुग्याने झडप ताणता येते, दुर्बिणीतून पोटावरची शस्त्रक्रिया करता येते (मूळ शस्त्रक्रिया अर्न्स्ट हेलर यांनी १९१३ साली केली), किंवा तोंडावाटेच आत जाऊन स्नायू कापता येतो. या शेवटच्या पद्धतीला पोएम म्हणतात. जपानमध्ये हारुहिरो इनोउए यांनी ती २००८ साली रुग्णांवर सुरू केली. माझं पोएम झालं. तिसऱ्या आठवड्यात अख्खा पेलाभर पाणी न थांबता प्यायले. एक सांगायला हवं: ढकलणारी लाट परत येत नाही, ताठ बसूनच जेवावं लागतं. आणि झडप मोकळी केल्यामुळे आता खरोखरची ॲसिडिटी आहे. त्या गोळ्या आता मनापासून घेते.

*

वय २६. छातीत अडतं, फक्त कोरडं आणि चिवट. कॉलेजपासून मी प्रत्येक घासावर पाणी पीत होतो, पंगतीत शेवटी उठत होतो. लोक कौतुक करायचे की हा किती सावकाश जेवतो. मग एकदा मांसाचा तुकडा असा रुतला की पाच तास भांड्यात थुंकत बसलो. तो काढताना डॉक्टरांना अन्ननलिकेत कड्यांवर कडी दिसली. बायॉप्सीत, म्हणजे आतल्या अस्तराचा नमुना तपासल्यावर, इओसिनोफिल नावाच्या पांढऱ्या पेशी भरपूर निघाल्या. हा ॲलर्जीच्या जातीचा दाह आहे आणि मला लहानपणी दमा होताच. दम्याच्या पंपातलंच स्टेरॉइड मी आता श्वासात न ओढता गिळतो आणि नंतर अर्धा तास काही खात-पीत नाही. तुकडा काढल्यावर बायॉप्सी न घेताच घरी पाठवत असतील तर विचारा, कधी घेणार? अन्ननलिका वरून बरी दिसली तरी आत दाह असू शकतो.

*

माझा अनुभव लहान आहे. डॉक्सिसायक्लिनची कॅप्सूल रात्री अर्ध्या घोटावर गिळून आडवी झाले. पहाटे छातीच्या हाडामागे निखारा ठेवल्यासारखं दुखत होतं, थुंकी गिळणंही नको झालं. कॅप्सूल अन्ननलिकेला चिकटून तिथे व्रण झाला होता. आठवड्याने भरून आला. आईची हाडांसाठीची ॲलेंड्रोनेटची गोळीही असंच करू शकते. पेलाभर साधं पाणी, आणि पुढे किमान अर्धा तास पाठ टेकायची नाही.

*

माझं वर, कंठाशीच अडायचं. हिमोग्लोबिन ७ होतं. लोह कमी पडलं की काहींच्या अन्ननलिकेच्या वरच्या भागात पातळ पडदा तयार होतो, तसा माझ्यात निघाला. एकदा तो ताणून मोकळा केला, लोहाच्या गोळ्या चालू आहेत. या पडद्याचा त्या भागातल्या कॅन्सरशी संबंध आहे, म्हणून तपासणी चुकवत नाही.

*

मला घशात गोळा असल्यासारखं वाटायचं. डॉक्टरांनी पहिला प्रश्न विचारला, 'जेवताना काय होतं?' जेवताना तो गोळा नाहीसाच व्हायचा. नाकातून दुर्बीण घालून घसा पाहिला, काही नव्हतं. घास अडणं वेगळं आणि गोळा जाणवणं वेगळं, हे तोवर मला कुणी सांगितलं नव्हतं.

*

मी यजमानांबद्दल लिहिते. आधी कोरडं अडायला लागलं, दोन महिन्यांत मऊ अडू लागलं, मग पाणी. जेवण कमी म्हणून वजन कमी, असा आम्ही हिशेब लावला. त्यांनी पट्ट्याला सुरीने दोन नवी भोकं पाडली. ती मी रोज बघत होते आणि मला काही समजलं नाही. तंबाखू बरीच वर्षं होती. अन्ननलिकेचा कॅन्सर निघाला तोवर तो पसरला होता.

स्टेंट बसवला, म्हणजे धातूच्या जाळीची नळी. तिने आजार हटत नाही, वाट मोकळी राहते. दुसऱ्या दिवशी त्यांनी दोन वाट्या पातळ खाल्लं आणि माझ्याकडे बघून मान हलवली. शेवटचे पाच महिने ते तोंडाने जेवले, बसून, आमच्याबरोबर. कोरडं अडणं दिवसेंदिवस वाढत असेल आणि वजन उतरत असेल तर त्याच आठवड्यात एन्डोस्कोपी करून घ्या, हे मी हात जोडून सांगते.

*

आईला पार्किन्सन आहे. पहिले घास नीट जातात, मग दमते आणि ओठांतून लाळ गळते. धागा काढणाऱ्या ताई, बाबांना पुन्हा न्यूमोनिया होऊ नये म्हणून तुम्ही काय करता?

*

दादा, सगळ्यात जास्त जपतो ते तोंड. दिवसातून तीनदा मऊ ब्रशने दात, जीभ, गालांच्या आतली बाजू. तोंडातले जंतूच लाळेबरोबर फुफ्फुसात उतरतात, आणि लाळ तर उपाशी माणसाच्याही तोंडात असते. भरवताना टीव्ही बंद. पुढचा चमचा द्यायच्या आधी कंठ वर जाऊन खाली आला का ते बघते आणि मध्येच एखादा शब्द बोलायला सांगते. आवाज ओला वाटला की थांबते. जेवणानंतर अर्धा तास बसवून ठेवते.

आईंचं जेवण औषधाचा असर चढलेला असतो त्या वेळी ठेवता येईल का, हे त्यांच्या डॉक्टरांना विचारा. आणि तीन मोठ्या जेवणांपेक्षा लहान लहान पाच-सहा वेळा द्या, म्हणजे दमायच्या आत पोटात जातं. गिळण्याचे व्यायाम स्पीच थेरपिस्टकडूनच (बोलण्याबरोबर गिळण्यावरही उपचार करतात ते) शिकून घ्या. बाबांच्या थेरपिस्टबाई गिळताना स्वतःची दोन बोटं कंठावर ठेवायला लावतात, कंठ वर गेला की दोन सेकंद तिथेच धरायचा. पहिल्या आठवड्यात बाबांना ते एकदाही जमलं नव्हतं. काल दहापैकी सहा वेळा जमलं. गुरुवारी पुन्हा बेरियमची तपासणी आहे. साधं पाणी द्यायचं की नाही ते तेव्हा ठरेल.