शेतरस्ता अडवला की पळा पोलीस ठाण्यात?

काळी_माती:
काल एका भाऊंनी सल्ला दिला, "रस्ता अडवलाय? ठाण्यात ओळख काढा, संध्याकाळपर्यंत मोकळा." खाली नुसती वाहवा! डोकं उठलं. वाट कुणाची, हे ठरवायचा अधिकार फौजदाराला नाहीच. चालू वहिवाट कुणी काट्या टाकून, चर खोदून अडवली तर मामलतदार न्यायालय अधिनियम १९०६, कलम ५, तेही अडवल्यापासून सहा महिन्यांच्या आत. वाट मुळात नव्हती, नवीन हवी, तर जमीन महसूल संहितेचं कलम १४३, बांधावरून. दोन्ही तहसीलदारांकडेच. पण लोक ठाण्यात हेलपाटे घालतात, हातात एनसीचा (अदखलपात्र तक्रारीचा) कागद पडतो आणि तोवर सहा महिने उलटतात.

उसाचा_फड:
कलमं पाठ आहेत, छान. माझा ऊस तोडून पडलेला, गाडी आत जाईना, टोळी पुढच्या गावाला निघालेली. तहसीलमध्ये काय मिळालं? तारीख. शेवटी हवालदार आला, चुलत्याला चार शब्द सुनावले, ट्रॅक्टर निघाला.

काळी_माती:
आणि पुढच्या हंगामात?

उसाचा_फड:
पुन्हा अडवला. हवालदाराची बदली झाली होती. पण त्या सालचा ऊस तर गेला ना!

कोर्टाची_पायरी:
पोलिसांचा संबंधच नाही असंही नाही. डोकी फुटायची वेळ आली तर पोलीस अहवाल पाठवतात, त्यावर कार्यकारी दंडाधिकारी आदेश काढू शकतात. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम १४७, आता नागरिक सुरक्षा संहितेचं १६६. म्हणजे फिरून गाडी बहुतेक तहसीलदारांच्याच टेबलावर.

गट_फुटला:
बांधावरून रस्ता म्हणे! बांध राहिलाय कुठे? शेजारी दरसाल नांगरताना नांगराची एक ओळ जास्त मारतो. आमचा बांध आता वीतभर उरलाय, त्यावरून शेळी तरी जाईल का? आधी बांधकोऱ्यांवर बोला.

उसाचा_फड:
बांधाचं नाव काढलंत म्हणून सांगतो, तो चुलता तेच करतो. वर भावकीत आम्हालाच भांडखोर ठरवतो.

गट_फुटला:
मी मोजणी आणली, फी भरली, हद्दीचे दगड रोवले. पंधरवड्यात दगड गायब. ठाण्यात गेलो तर "कुणी उपटले ते दाखवा." आता काय रात्री दगडापाशी झोपू?

कोर्टाची_पायरी:
हद्दीच्या खुणा काढणं गुन्हा आहे. लेखी तक्रार द्या, पोच घ्या.

गट_फुटला:
पोच आहे साहेब. फ्रेम करून लावू का?

मधला_गट:
सगळे रस्ता मागणारेच दिसताय. ज्याच्या रानातून जातो त्याचं कोण? आमच्यातून वर्षाकाठी चार बैलगाड्या जायच्या, कधी हूं की चूं केलं नाही. मागच्या माणसाने रान प्लॉटिंगवाल्याला विकलं. आता मुरमाचे हायवा ट्रक, पाइपलाइन दोनदा फुटली. मी काट्या टाकल्या. टाकणारच! याला वहिवाट म्हणता?

काळी_माती:
काट्या टाकून तुम्ही स्वतःच कलम ५ ओढवून घेतलंत, दादा.

कोर्टाची_पायरी:
थांबा, त्यांचा मुद्दा कायद्यात बसतो. इझमेंट कायदा १८८२ (दुसऱ्याच्या जमिनीवरच्या वापरहक्काचा) मध्ये वापराची पद्धत बदलता येते, पण दुसऱ्याच्या जमिनीवरचं ओझं वाढवता येत नाही. मात्र ते मांडायचं दाव्यात, काट्यांनी नाही.

काळी_माती:
बरं, हायवापुरतं मान्य. पण उद्या प्रत्येक अडवणारा स्वतःला पीडित म्हणवून घेईल.

मधला_गट:
मेहेरबानी झाली.

उसाचा_फड:
ऐका, गंमत पुढेच आहे. दुसऱ्यांदा मी तुमच्याच वाटेने गेलो. मुदतीत दावा, स्थळपाहणी, जबाब, सगळं. रस्ता खुला करायचा आदेश झाला. मंडळ अधिकारी जेसीबी घेऊन आले, चुलती आडवी झोपली, पंचनामा करून परत. बंदोबस्त मागितला तर ठाण्यातून उत्तर, "गणपती होऊ द्या." मग नवरात्र. आता सांगा, ठाण्यात ओळख लागते का नाही?

काळी_माती:
लागते. आदेश झाल्यावर. आधी नव्हे.

उसाचा_फड:
म्हणजे लागतेच.

गट_फुटला:
तेवढी ओळख निघाली तर माझ्या दगडांचंही बघा.